सुजाताचा गणिताचा पेपर

मार्च लागला की आमच्या शाळेचा चेहराच बदलतो. दारांवर खडूनं आसनक्रमांक चढतात, भिंतीवरचे तक्ते उतरतात, आणि वर्षभर कानठळ्या बसवणाऱ्या वर्गांत फक्त पंख्यांचा आवाज उरतो. बाहेर कडुनिंब मोहरलेला असतो. खिडकीशी बसलेल्या पोरांच्या उत्तरपत्रिकेवर ते बारीक पांढरं फूल येऊन पडतं. पोरं ते फुंकरीनं उडवतात आणि पुढं लिहीत राहतात. मी गणित शिकवते, म्हणून गणिताच्या दिवशी मला पर्यवेक्षण नसतं, इतर पेपरांना असतं. अर्धा तास झाला की रिकाम्या बाकांच्या क्रमांकापुढं लाल शाईनं ‘गैरहजर’ लिहायचं, हे त्यातलं सगळ्यांत सोपं काम. पंधरा वर्षं होत आली, तरी ते लिहिताना माझा हात जरासा अडखळतो. हा बाक कुणाचा, ते लेकरू आत्ता कुठं असेल, एवढं मनात येऊन जातंच.

माझ्या स्वतःच्या बारावीला, गणिताच्या दिवशी, माझ्या मागचा बाक रिकामा होता. तो सुजाता साळवेचा बाक.

हे नाव आता आमच्या शहरात कुणाला समजावून सांगावं लागत नाही. टेनिसमधलं देशाचं अजिंक्यपद तिनं दोनदा मिळवलं, आयुष्याची सगळी उमेदीची वर्षं जगभर खेळण्यात घालवली आणि गेल्या जानेवारीत गुडघ्यापुढं हात टेकून निवृत्त झाली. दौलताबादच्या रस्त्यानं जाताना पडेगाव मागं पडता पडता लाल मातीची दोन कोर्टं दिसतात, ती तिची. संध्याकाळी तिथं आसपासच्या वस्त्यांमधल्या मुली खेळत असतात. एक तर मेंढरं राखणाऱ्या घरातली आहे. तिचा नेम असा की चेंडू रेषेवर ठेव म्हटलं की रेषेवरच पडतो. वर्तमानपत्रात सुजाताचा फोटो येतो तेव्हा माझे विद्यार्थी मला विचारतात, “मॅडम, तुम्ही खरंच यांच्यासोबत खेळायचात?” मी हो म्हणते. खेळत होते म्हणजे काय, तिनं मारलेले चेंडू आणून देत होते म्हटलं तरी चालेल. पण मला ती फोटोतल्यासारखी आठवत नाही. मला आठवते ती त्या एका मार्चमधली, दोन वेण्या घातलेली, पायात दोन वेगवेगळ्या लेस असलेले बूट, आणि बगलेत माझी गणिताची वही.

छावणीच्या बाजूला तेव्हा एका जुन्या क्लबचं मातीचं कोर्ट होतं. सुजाताचे वडील, बळीराम साळवे, तिथं कोर्ट राखायचे. सुजाता त्यांना अण्णा म्हणायची, आम्ही बाकी सगळे काका. पडेगावहून सायकलीवर पहाटेच यायचे. आधी झाडू, मग पाणी, मग तो दगडी रोलर. रोलर ओढताना ते पुढं इतके झुकायचे की लांबून पाहणाऱ्याला वाटावं, माणूस जमिनीवर काहीतरी हरवलेलं शोधतोय. शेवटी दोरी ताणून चुन्याच्या रेषा मारायच्या. उन्हाळ्यात तेच काम दुपारी पुन्हा. तापलेल्या मातीवर पाइपाचं पाणी पडलं की जो वास उठायचा, तो मी पुढं कुठंच घेतला नाही. काकांच्या वस्तीत तेव्हा टँकर यायचा आणि हंड्यांची रांग लागायची. इथं क्लबच्या विहिरीचं पाणी ते मातीला पाजायचे. एकदा मी अजाणपणे विचारलं होतं, “काका, एवढं पाणी मातीला कशाला?” ते म्हणाले, “नाय मारलं तं भेगा पडतेत माय. खेळणाऱ्याचा पाय मुरगळतो.” त्यांच्या बोलण्यात कडवटपणा शोधूनही सापडला नसता.

मला त्या कोर्टावर माझ्या आईनं धाडलं होतं, वजन कमी व्हावं म्हणून. सुजाता तिथं शाळा सुटल्यावर वडिलांची वाट पाहत बसायची. बसायची कसली, मागच्या भिंतीवर कुणीतरी टाकून दिलेल्या रॅकेटनं चेंडू बडवत राहायची. आम्हाला खेळ शिकवणारे हमीदचाचा एके दिवशी माझा धडा मध्येच थांबवून त्या भिंतीकडं बघत उभे राहिले. बराच वेळ. मग म्हणाले, “अंजू बिटिया, जरा बैठ जा. उस लडकी को बुलाव.” त्या दिवसापासून धडा तिचा झाला आणि मी समोरची झाले. मला वाईट वाटलं का? खरं सांगायचं तर सुटल्यासारखं वाटलं. सुजाताचा फोरहँड अंगावर यायचा तेव्हा मी डोळे मिटायचे. चाचा ओरडायचे, “आँखां खुले रख, माँ! गेंद क्या काटती तेरेको?” आणि सुजाता जाळीपलीकडं हसून हसून गुडघ्यावर बसायची.

कोर्टावर ती मला शिकवायची, घरी मी तिला. आम्ही दोघी एकाच कॉलेजात, एकाच वर्गात होतो. हजेरीत साबणे संपलं की साळवे. तिला फिजिक्स यायचं, केमिस्ट्री पाठ व्हायची, पण गणितानं तिला छळलं होतं. त्या हिवाळ्यात आमच्या सिडकोतल्या घराच्या गच्चीवर मी तिला रोज इंटिग्रेशन शिकवलं. ती उत्तर आधी सांगायची आणि पायऱ्या नंतर शोधायची. “अंजे, चेंडू कुठं पडणार हे मला दिसतं गं. तो तिथं का पडतो हे लिहायला कशाला लावतात?” मी चिडायचे, वही आपटायचे, तरी दुसऱ्या दिवशी तीच गच्ची, तेच गणित. फेब्रुवारी संपता संपता तिला जमायला लागलं. सराव परीक्षेत ती पास झाली त्या दिवशी काकांनी आमच्या घरी खरबूज आणून दिलं. आईच्या हातात देताना ते इतके संकोचले होते की आईनंच पुढं होऊन ते घेतलं.

काका स्वतः सातवीत शाळा सोडून कामाला लागलेले. पडेगावच्या त्यांच्या दोन खोल्यांत निळ्या कोटातला तो फोटो आणि त्याखाली सुजाताची पुस्तकं ओळीनं लावलेली असत. घरात सगळ्यांत चांगली जागा ती. त्यांच्या घराण्यात बारावीच्या परीक्षेपर्यंत पोचलेली सुजाता पहिली. वस्तीतल्या विहारात रविवारी जमणाऱ्या म्हाताऱ्या तिच्या डोक्यावरून हात फिरवून विचारायच्या, “झाला का गं अभ्यास?” जणू परीक्षा सगळ्या गल्लीचीच होती. काकांनी तिला खेळू दिलं ते एका अटीवर. मी तेव्हा तिथंच उभी होते, म्हणून ते शब्द मला जसेच्या तसे आठवतात: “खेळ तू. मी कधी नाय म्हननार नाय. पर बारावी सुटता कामा नये. बापाच्या हातातला रोलर तुझ्या हाती यायचा नाय.”

आणि मग, पेपर सुरू झालेले असताना, हमीदचाचा पुण्याची बातमी घेऊन आले. तिथं बायकांची एक आंतरराष्ट्रीय स्पर्धा होती, व्यावसायिक खेळाडूंची. पात्रता फेरीत एका जागेवर सुजाताला घ्यायला आयोजक तयार झाले होते. शुक्रवारी केमिस्ट्री होतं. गणित थेट पुढच्या गुरुवारी. पात्रता फेरी शनिवारी.

काका पाइप धरून उभे होते. चाचा समजावत होते, “बळीरामभाई, शनिच्चर को खेलेगी, हारेगी, इतवार को घर. बडे लोगां कैसा खेलते वो देखना तो होना ना.”

“हारंल नक्की?” काकांनी विचारलं.

चाचा हसले. “हौ जी. पहिलाच मौका है.”

आपल्या लेकीच्या हरण्याची खात्री करून घेऊन कुठल्या बापानं तिला खेळायला पाठवलं असेल, तर ते साळवेकाकांनी. शुक्रवारी पेपर सुटला तशी ती गेटवरूनच चाचांबरोबर पुण्याच्या एसटीत बसली. गणिताची माझी वही तिनं पिशवीत सगळ्यांत वर ठेवली होती. मी खिडकीशी जाऊन दटावलं, “रोज दहा गणितं.” ती म्हणाली, “बारा.”

शनिवारी संध्याकाळी आमच्या घरचा फोन वाजला. “अंजे, जिंकले.” तिचा आवाज असा होता की जणू काहीतरी सांडलंय आणि ती माफी मागतेय. रविवारी पुन्हा फोन, पुन्हा तेच. ती मुख्य फेरीत पोचली होती. काकांच्या घरी फोन नव्हता, म्हणून निरोप्या मीच. लुना काढायची, छावणी गाठायची. पळस फुललेला, हवेत फुफाटा, माझ्या डोक्यात अजून न झालेली प्रकरणं. रविवारी काका ऐकून हसले होते. गालावर चुना लागलेला होता, तो तसाच. सोमवारी मॅच नव्हती. मंगळवारी ती पहिली फेरीही जिंकली.

मंगळवारचा तो निरोप द्यायला मी गेले, तेव्हा ऊन उतरत होतं. काका नुकत्याच ओल्या केलेल्या कोर्टाच्या कडेला उकिडवे बसले होते.

“काका, जिंकली. उद्या दुसरी फेरी.”

“आन् उद्याची जिंकली तं?”

“तर गुरुवारी पुढची.”

ते मातीकडं बघत राहिले. “गुरुवारी गणित हाय.”

“हो.”

“अकराला.”

“हो काका.”

“उद्याची कोण हाय समोर?”

“कुणीतरी बाहेरची आहे. चाचा म्हणतात, चांगली आहे खूप.”

“मंग हारंल,” ते म्हणाले. पण या वेळी त्यांच्या आवाजात कुठं खात्री नव्हती. मला त्यांच्या बाजूनं काहीतरी बोलायचं होतं आणि सुजाताच्या बाजूनंही. अठराव्या वर्षी दोन्हीकडून बोलता येत नाही. मी लुना काढली आणि घरी आले.

बुधवारी ती जिंकली. फोनवर ती रडत होती की हसत होती, मला कळलं नाही. “अंजे, मी काय करू?” मी म्हटलं, “आत्ता निघ. रात्रीपर्यंत येशील. सकाळी मी तुला सूत्रं म्हणून दाखवते.”  मग ती म्हणाली, “अण्णांना सांग…” आणि पुढं काही बोललीच नाही. पैसे संपले असतील किंवा शब्द. मी छावणीला गेले तर काका नव्हतेच. क्लबचा रखवालदार म्हणाला, बळीरामनं आज सुट्टी घेतली, पोट बिघडलंय म्हणे. इतक्या वर्षांत त्यांनी सुट्टी घेतल्याचं मी ऐकलं नव्हतं. कोर्ट कोरडंच पडलं होतं. मला वाटलं, काळजीनं आजारी पडले बिचारे.

गुरुवार. अकराची घंटा झाली. मी मागं वळून पाहिलं, पर्यवेक्षकांनी दटावलं, मी पुढं पाहिलं. पाच मिनिटांनी पुन्हा वळले. बाकावर चिकटवलेला तिचा आसनक्रमांक आणि त्यावर कडुनिंबाची दोन-चार फुलं. प्रश्नपत्रिकेत इंटिग्रेशनचं नेमकं तेच गणित आलं होतं, गच्चीवर आम्ही तीनदा केलेलं. ते पाहून मला आनंद व्हायला हवा होता. मला इतका राग आला की पेनाची निब कागदात रुतली. अर्ध्या तासानं सरांनी मागं येऊन लाल शाईनं लिहिलं. तो खरखर आवाज मी ऐकला.

पेपर सुटल्यावर गेटबाहेर काका उभे होते. प्रत्येक पेपरला उभे राहायचे तसे, सायकलीला पाण्याची बाटली अडकवून, धुतलेला सदरा घालून. मला पाहताच पुढं आले. मी तिथंच रडायला लागले. “काका, सुजाता आलीच नाही. मी बोलले होते तिला. आलीच नाही ती!”

 मग त्यांनी बाटली माझ्या हातात दिली आणि म्हणाले, “तुझा कसा गेला माय पेपर?”

मला वाटलं, धक्क्यानं त्यांना काही समजत नाहीये.

त्याच गुरुवारी सुजाता पुण्यात हरली. सरळ दोन सेटमध्ये, तासाभरात. हे कळलं तेव्हा मला वाटलं, संपलं. पेपरही गेला, मॅचही गेली. शुक्रवारी ती परत आली ती मान खाली घालून. काका तिला काहीच बोलले नाहीत. वस्ती मात्र बोलली. सगळ्यांनी मिळून दोष दिला तो हमीदचाचांना. त्यांनीच पोरीला अडकवून ठेवलं, त्यांनीच तिचं वर्ष बुडवलं. मीही त्यात होते. क्लबवर जाऊन मी चाचांना तोंडावर म्हटलं, “तुम्हाला फक्त तुमचा खेळ दिसला. तिचं घर नाही दिसलं.” चाचा रॅकेटची तार आवळत होते. मान वर न करता म्हणाले, “हौ बिटिया. गलती हो गई.” एवढंच. पुढं कितीतरी महिने मी सुजाताशी बोलले नाही.

पुढचं तुम्हाला ठाऊक असेल. त्या हरलेल्या मॅचला पुण्यातले एक प्रशिक्षक बसले होते. जूनमध्ये त्यांनी तिला बोलावून घेतलं. ऑक्टोबरची फेरपरीक्षा आली, तेव्हा ती पहिल्यांदा देशाबाहेर होती. पुढच्या मार्चमध्येही बाहेर. मग दरवर्षी मार्च यायचा आणि ती कुठल्यातरी अशा गावात असायची की ज्याचं नाव उच्चारताना आमच्या पोस्टमनची तारांबळ उडे. तिनं पाठवलेलं पहिलं पोस्टकार्ड अजून माझ्याकडं आहे. एवढंच लिहिलं होतं: “इथं बर्फ आहे. समोरची पोरगी सहा फूट. इंटिग्रेट करून टाकली. बोल ना आता.” मी हसले, मग रडले, मग उत्तर लिहिलं.

तिचं करिअर लोकांना टीव्हीवर दिसलं. मला दिसलं ते पत्रांतून आणि पुढं फोनमधून. एका खोलीत चौघी, विमानतळाच्या खुर्चीवर झोप, हॉटेलच्या नळाखाली धुतलेले मोजे, पिशवीत तिच्या आईनं दिलेली जवसाची चटणी, आणि दर सोमवारी जगाच्या क्रमवारीत आपलं नाव कितव्या पानावर गेलंय ते बघणं. तिचं नाव पुढं पुढं सरकत होतं, मुंगीच्या चालीनं. पहिल्यांदा ती देशाची अजिंक्य ठरली, तेव्हा मी बी.एड. करत होते. वसतिगृहाच्या टीव्हीपुढं आम्ही पंधरा जणी. तिनं शेवटचा चेंडू मारला आणि ती जाळीकडं न पळता आधी वाकली, कोर्टावर उमटलेली स्वतःच्या बुटाची खूण तिनं हातानं सपाट केली, मग हात मिळवायला गेली. बाकीच्या पोरींना वाटलं, ही काय रीत. मला ठाऊक होतं ते कुणाच्या घरचं वळण.

दुसरं अजिंक्यपद गुडघ्याच्या शस्त्रक्रियेनंतरचं. डॉक्टरांनी नको म्हटलं होतं. ती दीड वर्ष घरी होती, पडेगावला. पहाटे बाभळीतून मिटमिट्याकडं जाणाऱ्या रस्त्यानं आधी काठी घेऊन चालायची, मग काठी न घेता, मग पळायची. काका सायकलीवर मागं. त्या काळात तिनं मला एकदा विचारलं होतं, “अंजे, माझं काय उरलं गं? बारावीही नाही.” मी म्हटलं, “तुला आता बारावी कोण विचारतंय?” ती म्हणाली, “कुणीच नाही. अण्णाही नाही. तेच तर.”

तो सल तिनं कधी कुठल्या मुलाखतीत सांगितला नाही. बापाला दिलेला शब्द आपण मोडला आणि बापानं त्याबद्दल एक अक्षर काढलं नाही, हे ती प्रत्येक स्पर्धेत बरोबर घेऊन फिरली असणार. देशासाठी पदक घेऊन आली, तेव्हा वस्तीत मिरवणूक निघाली, ढोल वाजले. काका उघड्या जीपमध्ये तिच्या शेजारी अवघडून उभे होते, हार सांभाळत. मला वाटलं होतं, आज तरी ते म्हणतील की जाऊ दे तो पेपर. ते काहीच म्हणाले नाहीत. मीही मनातल्या मनात त्यांना थोडं कठोर ठरवून टाकलं.

हमीदचाचा चार वर्षांपूर्वी गेले. शेवटपर्यंत वस्तीतले काही जुने लोक त्यांना ‘पोरीचं वर्ष बुडवणारा मास्तर’ म्हणूनच ओळखत. सुजाता तेव्हा परदेशात होती. मातीला काका गेले होते. नंतर कितीतरी दिवस ते कब्रस्तानाच्या बाजूच्या रस्त्यानं जात नव्हते.

आणि मग हा मार्च. पंधरा दिवसांपूर्वी गणिताचा पेपर झाला. मला ड्युटी नव्हती. दुपारचं ऊन कलल्यावर मी सहज पडेगावला गेले. मुली खेळत होत्या. काका आता सत्तरी ओलांडलेले, खुर्ची टाकून बसले होते. सुजाता त्यांच्या शेजारी जमिनीवर, गुडघ्यावर बर्फाची पिशवी धरून. तिच्याकडं खेळणारी एक मुलगी पेपर देऊन गणवेशातच आली होती. “कसा गेला?” सुजातानं विचारलं. “सोपा होता ताई,” म्हणत ती पळाली.

“सोपा म्हणे,” सुजाता माझ्याकडं बघून हसली. “आपला कसा होता गं?”

“तुला काय करायचंय? तू कुठं होतीस?”

आम्ही दोघी हसलो. वीस वर्षांत पहिल्यांदाच हा विषय काकांसमोर निघाला होता. मला कुठून धीर आला ठाऊक नाही. मी म्हटलं, “काका, त्या दिवशी गेटवर मी तुमच्या अंगावर ओरडून सांगितलं ना, सुजाता आली नाही म्हणून. तसं सांगायला नको होतं. मला अजून वाईट वाटतं त्याचं.”

काका समोर खेळणाऱ्या मुलींकडं बघत होते. “त्यात काय माय. मला ठाऊक व्हतं ती येनार नाय.”

“कसं काय?”

“मी बुधवारी पुन्याला गेल्तो.”

सुजाताच्या हातातली पिशवी तशीच राहिली. “कुठं?”

“पुन्याला. पहाटंच्या एसटीनं. तू शुक्रवारी गेटवर माझ्याजवळ दिलेलं हॉल तिकीट आन् कंपास खिशात घेऊन. म्हनलं, मॅच झाली की धरून आनतो.”  घाई नव्हतीच त्यांना. “तिथं मला कुनी वळखत नव्हतं. गेटवरच्या पोरीनं इचारलं, काका, मॅच बघायला आलात का? म्हनलं, व्हय. तं तिनं खुर्ची दिली. बसा म्हनली.”

मुलींपैकी कुणाचा तरी चेंडू कुंपणाला लागला. तिकडं कुणी पाहिलं नाही.

“इतकी वर्सं कोर्ट राखलं मी. मॅच चालली की मी पाइप नाय तं झाडू घेऊन मागं. खुर्चीत बसून मॅच बघितली ती पहिल्यांदाच. पोरगी समोरची लई ताकदीची. तू पहिला सेट हारली. मी म्हनलं, चला, बरं झालं, झालं काम. कंपास हातात बी काढून ठेवला. मंग तू खेळाय लागली.” त्यांनी मान हलवली. “मला काय समजतं टेनिसमधलं? पर माती समजती. तू कुठं पाय टाकती ते मला दिसत व्हतं. एक पाऊल फुकट नव्हतं. तवा ध्यानात आलं, हिचा पेपर चालू हाय. आन् मी हिला मधूनच उठवून न्यायला आलोय.”

“चाचांनी तुम्हाला पाहिलं नाही?” मी विचारलं. 

“हमीदनं पाहिलं की. पळत आला. मी खूण केली, बोलू नको. त्यानं हात धरला माझा. म्हनला, बळीरामभाई, लोगां पूछेंगे तो मैं बोलतुं, मैंने रोका. तुमको बस्ती में रहना है.” काकांनी तळहात मांडीवर पुसले. “मी नाय नाय म्हनत व्हतो. पर ऐकलं त्याचं. ते माझं चुकलं. मरेपर्यंत त्यानं ते निभावलं.”

मला माझं वाक्य आठवलं, रॅकेटची तार आवळणारे ते हात आठवले. ‘गलती हो गई’ म्हणताना त्यांनी मान का वर केली नव्हती, ते वीस वर्षांनी, असं पडेगावच्या उन्हात बसून मला कळत होतं. आता कुणाकडं जाऊन बोलणार?

सुजाता उठून काकांच्या समोर येऊन बसली. गुडघा दुखत असणार, तरी मांडी घालून, लहानपणी बसायची तशी. जगातल्या कितीतरी मोठ्या खेळाडूंच्या डोळ्याला डोळा भिडवणारी ती बाई त्या क्षणी वडिलांकडं नीट बघू शकत नव्हती.

“अण्णा, मी अडीचशे किलोमीटरवर एकटी रडत बसले होते. तुम्ही तिथंच होतात. अवघ्या पंचवीस पावलांवर. मला भेटला का नाहीत?”

“भेटलो असतो तं तू माझ्यासंगं निघून आली असती.”

 कोर्टावर मुलींचा खेळ थांबला होता. त्यांना काय झालं ते कळत नव्हतं, पण काहीतरी झालंय एवढं कळलं होतं.

“आले असते,” सुजाता म्हणाली.

“म्हनून,” काका म्हणाले.